वास्को द गामाची पहिली सफर : कोणते पुस्तक आधी वाचावे?

वास्को द गामा ८ जुलै १४९७ रोजी लिस्बनहून चार जहाजे घेऊन निघाला आणि २० मे १४९८ रोजी कालिकतजवळ पोहोचला, एवढे आपण सर्वांनी शाळेत वाचलेले असते. परंतु आफ्रिकेच्या किनाऱ्यावरील मालिंदीहून पुढे भर समुद्रातून त्याला वाट कोणी दाखवली, या प्रश्नाला पुस्तकागणिक निराळे उत्तर मिळते. कोणी अरब नाविक इब्न माजिदचे नाव घेतात, तर आपल्या गुजरातेत कच्छच्या कानजी मालमचे नाव सांगितले जाते. मुलांनी विचारले तर काय सांगावे? त्यासाठी मुख्य पुस्तकांची ओळख आम्ही येथे क्रमाने देत आहोत.

१. सफरीची दैनंदिनी
सफरीतील एका माणसाने लिहिलेली हीच एकमेव दैनंदिनी आज उपलब्ध आहे. लेखकाचे नाव त्यात नाही. ती आल्वारो वेल्यू याची असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. मूळ प्रत नाही, सोळाव्या शतकातील नक्कल पोर्तो शहराच्या ग्रंथालयात आहे. ती १८३८ मध्ये प्रथम छापली गेली. रावेनस्टाइन यांचे इंग्रजी भाषांतर १८९८ मध्ये हॅक्लूत सोसायटीने काढले. प्रवासवर्णने छापण्यासाठीच ही संस्था १८४६ मध्ये लंडनला स्थापन झाली. २०१३ मध्ये युनेस्कोने या दैनंदिनीची जागतिक स्मृतिठेव्यात नोंद केली.

मालिंदीच्या राजाने एक 'ख्रिस्ती' वाटाड्या दिला, असे दैनंदिनी सांगते. पण हाच लेखक कालिकतच्या देवळालाही चर्च समजतो. त्यामुळे त्याच्या 'ख्रिस्ती' या शब्दावर विसंबता येत नाही. वाटाड्याचे नाव तो देत नाही.

२. पोर्तुगीज इतिहासकार
कास्तान्येदा यांच्या ग्रंथाचा पहिला भाग १५५१ मध्ये आणि बारोस यांचा १५५२ मध्ये छापला गेला. कास्तान्येदा भारतात काही वर्षे राहिले होते. बारोस येथे कधीच आले नाहीत. दोघेही वाटाड्या गुजराती होता असे म्हणतात. बारोस त्याला 'मालेमो काना' म्हणतात. 'मालेमो' म्हणजे मुअल्लिम, आपल्याकडचा मालम, अर्थात जहाजाला वाट दाखवणारा. आणि 'काना' हा 'गणक' या शब्दाचा अपभ्रंश असावा, असे अभ्यासक सांगतात. म्हणजे हे त्याचे नाव नसून हुद्दा असण्याचा संभव अधिक.

गास्पार कोरेया १५१२ मध्ये भारतात आले आणि त्यांनी आपला मोठा ग्रंथ येथेच लिहिला. तो छापला गेला मात्र १८५८ पासून पुढे. वर्णन रसाळ आहे, पण पहिल्या सफरीबाबत ते दैनंदिनीशी अनेक ठिकाणी जुळत नाही.

३. इब्न माजिदचे नाव कोठून आले?
ते मक्केच्या कुतुबुद्दीन या इतिहासकाराच्या सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धातील ग्रंथातून आले. विसाव्या शतकात फ्रेंच अभ्यासक फेराँ यांनी ते पुढे आणल्यावर सर्वत्र पसरले. आज बहुतेक अभ्यासक हा दावा मानत नाहीत.

४. आधुनिक पुस्तक व ग्रंथसूची
संजय सुब्रह्मण्यम यांचे गामाच्या कारकिर्दीवरील व दंतकथांवरील इंग्रजी पुस्तक १९९७ मध्ये केंब्रिजने प्रसिद्ध केले. पुढे वाचायचे असेल त्यांनी त्यातील संदर्भसूचीपासून सुरुवात करावी.

बँकेत आम्ही खतावणीतील रकमेबद्दल शंका आली की व्हाउचर काढून पाहत असू. येथेही तोच नियम. लेखक जहाजावर होता का, त्याने किती वर्षांनी लिहिले आणि ते केव्हा छापले गेले, हे तीन प्रश्न विचारून मगच विधान स्वीकारावे. त्या कसोटीवर एवढेच म्हणता येते की, वाटाड्या बहुधा गुजराती होता आणि त्याचे नाव आपल्यापर्यंत पोहोचलेले नाही. मुलांनी प्रकल्पात नेमके एवढेच लिहावे, नाव घालू नये.