रंगपेटी व कॅमेरा : अण्णा साळुंके यांच्या कारकीर्दीविषयीं एक टिपण

आपल्या चित्रपटाच्या आद्यकाळाची चर्चा निघाली म्हणजे चित्रपट काढणाराचें नांव पुढें येतें. तोंडास रंग लावणारा व कॅमेऱ्याचा दांडा फिरविणारा हे मात्र बखरीच्या नक्कलकारांप्रमाणें अनामिक राहतात.

धुंडिराज गोविंद फाळके यांचें शिक्षण मुंबईच्या जे. जे. कलाशाळेंत व बडोद्याच्या कलाभवनांत झालें. छायाचित्रें काढणें, नाटकांचे पडदे रंगविणें असे उद्योग करून ते १९०३ मध्यें सरकारी पुराणवस्तु खात्यांत छायाचित्रकार म्हणून राहिले. आमच्या वाचकांस हें विशेष रुचेल. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या चित्रपटांत दिग्दर्शनाबरोबर रंगभूषाही त्यांचीच होती. कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांजकडे असे, पण त्यांसही ती विद्या फाळक्यांनींच शिकविली.

त्या काळच्या फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे. कपाळींचें कुंकू व ओठांची लाली पडद्यावर काळी उमटे, गव्हाळ कांति प्रत्यक्षाहून सांवळी होई. नाटकाच्या दिव्यांपुढें शोभणारी रंगभूषा येथें निरुपयोगी. रंग लावणारास फिल्मचा स्वभाव ठाऊक असणें भागच होतें. म्हणून रंगभूषा व छायालेखन हे त्या कारखान्यांत दोन निराळे धंदे नव्हतेच, असें आमचें मत आहे.

साळुंक्यांचें उदाहरण याच मतास पुष्टि देतें. ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहांतून फाळक्यांनीं त्यांस दरमहा १५ रुपयांवर आणिलें, असें सांगतात. स्त्रिया कामास मिळेनात, तेव्हां तारामती त्यांनींच केली. 'लंकादहन' (१९१७) मध्यें तर राम तेच आणि सीताही तेच! सीतेच्या दंडाचे पिळदार स्नायु कोणत्याही रंगानें झांकणें शक्य नव्हतें. प्रेक्षकांनीं मात्र गर्दी केली. पुढें 'सत्यनारायण' (१९२२) व 'बुद्धदेव' (१९२३) यांत त्यांनीं अभिनय व छायालेखन हीं दोन्हीं केलीं, आणि नंतर कॅमेराच धरिला. हा केवळ योगायोग असें आम्हांस वाटत नाहीं. ज्याच्या तोंडावर फिल्मची इतकीं वर्षें परीक्षा झाली, त्यास भिंगाची भाषा निराळी शिकावी लागली नसावी.

येथें साधनांविषयीं एक इशारा देणें अवश्य आहे. ३७०० फूट लांबीच्या 'राजा हरिश्चंद्रा'च्या चार रिळांपैकीं पहिलें व शेवटचें अशीं दोनच उरलीं असें मानितात. पण तीं १९१३ चीं नसून १९१७ च्या पुनर्निर्मितीचीं आहेत, असा कांहीं अभ्यासकांचा पक्ष आहे, व तो आम्हांस सबळ वाटतो. नक्कल प्रतीवरून अस्सलाचें अक्षर ठरवूं नये. त्या दोन रिळांवरून १९१३ च्या रंगभूषेचा निर्णय देणें तितकेंच धोक्याचें होय. ज्या संग्राहकांपाशीं या कंपनीचीं स्थिरचित्रें किंवा जाहिरातपत्रकें असतील, त्यांनीं मागील बाजूचा पेन्सिलीचा मजकूर व तारखा पुसूं नयेत; चित्रापेक्षां पाठच अधिक बोलकी निघण्याचा संभव आहे.