दोन अंकांमधले दिवस

विष्णुदास भाव्यांच्या सांगलीत काय किंवा साताऱ्यात काय, वर्गात व्यसनाचा विषय निघाला की आपण हटकून ‘एकच प्याला’पाशी येतो. १९१९ साली रंगभूमीवर आलेल्या या नाटकाचे पाच अंक म्हणजे सुधाकराच्या अधःपाताच्या पाच पायऱ्या. पण दोन अंकांच्या मध्ये जे दिवस जातात त्यांचे काय? सिंधूचे दळण गडकऱ्यांनी दाखवले. सुधाकराचा रोजचा दिवस मात्र पडद्याआडच राहिला, असे आम्हांस वाटते.

तो दिवस अनिल अवचटांच्या ‘गर्द’ने १९८६ मध्ये मराठी वाचकापुढे ठेवला. ब्राउन शुगर ओढणाऱ्याची सकाळ उजाडते ती ‘टर्की’ने. नाक-डोळे वाहतात, हाडे ठणकतात, पोटात कळा येतात. मग थापा, उसनवारी, घरातले एखादे भांडे विकणे, पुडी, पन्नी. एव्हाना तो नशेसाठी ओढत नसतो. साधे उभे राहता यावे म्हणून ओढतो. काही तासांत पुन्हा तेच. सुधाकराच्या स्वगतांना इथे जागा नाही. ही सुट्टी नसलेली राबणूक आहे. फारसीत ‘गर्द’ म्हणजे धूळ, हेही जाता जाता नोंदवावे.

त्याच वर्षी सुनंदा आणि अनिल अवचटांनी पुण्यात ‘मुक्तांगण’ सुरू केले. तिथला ३५ दिवसांचा निवासी उपचार म्हणजे औषधांइतकीच मोडलेल्या दिनक्रमाची डागडुजी: वेळेवर उठणे, व्यायाम, कामे, गटात बोलणे. साताऱ्यात ‘परिवर्तन’ने व्यसनमुक्तीचे काम उभे केले.

आता पदार्थ बदलला आहे. फेब्रुवारी २०२४ मध्ये पुणे पोलिसांनी सांगलीजवळच्या कुपवाडमधून १०० किलोहून अधिक मेफेड्रोन, म्हणजे ‘एमडी’, जप्त केले. जानेवारी २०२५ मध्ये विट्याजवळ कार्वे येथील औद्योगिक वसाहतीत तर त्याचा कारखानाच सापडला. साखर आणि द्राक्षांच्या जिल्ह्याला ही ओळख नवी होती.

एमडीचा दिवस गर्दसारखा नसतो. हाडे ठणकवणारी टर्की नाही. आधी झोप जाते, भूक जाते, बोलणे वाढते, आणि दोन-तीन रात्रींनी माणूस कोसळतो, चिडतो, संशय घेऊ लागतो. सुरुवातीला घरच्यांना काहीच खटकत नाही. मुलगा रात्रभर जागतो. परीक्षा जवळ आली असेल, असे आई समजते. सकाळी तारवटलेल्या डोळ्यांनी तो आपल्याच तासाला बसलेला असतो आणि आपण त्याची हजेरी लावतो.