आणे-पैच्या हिशेबातली बाकी

शंभर रुपये सात भावांत सारखे वाटायचे, तर प्रत्येकाच्या वाट्याला किती? १९५७ पूर्वीच्या मराठी शाळेत या उदाहरणाला ‘भागाकार १४, बाकी २’ एवढं उत्तर चालत नसे. रुपयाचे आणे १६, आण्याच्या पै १२. उरलेल्या दोन रुपयांचे ३२ आणे करायचे आणि त्यांना सातने भागायचं: ४ आणे, बाकी ४. त्या चार आण्यांच्या ४८ पै, पुन्हा सातने भाग: ६ पै. उत्तर रु. १४-४-६. एवढं करूनही सहा पै, म्हणजे अर्धा आणा, उरायचाच.

एका उदाहरणात तीन भागाकार आणि मध्ये दोन गुणाकार. सोळाच्या जागी बाराने गुणलं की सगळं उत्तर कोसळलं. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी घोकून घेतली जात ती अशाच अपूर्णांकांच्या हिशेबांसाठी. गंमत म्हणजे पैचं नाणं पाडणं १९४२ नंतर बंद झालं होतं, पण पाटीवरचा भागाकार पैपर्यंत उतरतच राहिला.

ही पद्धत किचकट खरी, पण तिची एक बाजू सहज विसरली जाते. रुपयात पै १९२, आणि १९२ ला तीनने पूर्ण भाग जातो. रुपया तिघांत वाटला तर प्रत्येकी ५ आणे ४ पै, बाकी शून्य. सहा, आठ, बारा जणांतही तसंच.

१ एप्रिल १९५७ ला रुपया तोच राहिला, पण त्याचे १०० नये पैसे झाले. आता तिघांत वाटणी केली की प्रत्येकी ३३ आणि एक पैसा शिल्लक! उलट पाच जणांचा प्रश्न मिटला. पूर्वी प्रत्येकी ३ आणे २ पै देऊन दोन पै उरत, आता सरळ २० पैसे. बाकी संपली नाही, तिने फक्त जागा बदलली.

खरी अडचण बदलाच्या काळात आली. एक आणा म्हणजे सव्वासहा नये पैसे, आणि पाव पैशाचं नाणं कुठून आणायचं? म्हणून तक्ता ठरला: अर्धा किंवा त्याहून कमी अपूर्णांक सोडायचा, जास्त असेल तर पुढचा पैसा धरायचा. एक आण्याचे ६, दोनचे १२, तीनचे १९, चारचे २५. त्यामुळे आण्याची वस्तू सोळा वेळा वेगवेगळी घेतली तर ९६ पैसे पडत, आणि सोळा वस्तूंचा एकत्र हिशेब केला तर १००. दुकानदार आणि गिऱ्हाईक दोघांनाही हे चार पैसे डोळ्यांत भरणारे होते.

चार, आठ आणि बारा आण्यांचंच उत्तर पूर्ण येई: २५, ५०, ७५. पंचवीस पैशांचं नाणं जून २०११ अखेर चलनातून गेलं, तोवर लोक त्याला चार आणेच म्हणत होते.