हानिरहित प्रत आणि तिचे मूळ

‘लॉसलेस’ म्हणजे हानिरहित. ध्वनिमुद्रणांच्या संग्राहकांत या शब्दाला शपथेचे मोल आहे. आमच्या मते मात्र तो जेवढे सांगतो त्याहून अधिक झाकतो.

मुंबईच्या चित्रपटसंगीतात वादक म्हणून वावरलेले चरणजित सिंग यांची ‘टेन रागाज टू अ डिस्को बीट’ ही तबकडी एचएमव्हीने १९८२ साली काढली. रोलंड कंपनीच्या टीबी-३०३, टीआर-८०८ आणि ज्युपिटर-८ या यंत्रांवर वाजवलेले दहा राग. ती खपली नाही. २००२ साली एडो बाउमन या डच संग्राहकाला दिल्लीत तिची प्रत सापडली, २०१० साली त्यांनी ती पुन्हा प्रकाशित केली, आणि शिकागोच्या अ‍ॅसिड हाउसच्याही आधी मुंबईत हे घडले म्हणून जग चकित झाले. साहजिकच संग्राहकांना ती ‘लॉसलेस’ हवी असते.

२००१ साली आलेल्या फ्लॅक पद्धतीत ध्वनीची फाइल आकाराने पुष्कळ आटते, पण उलगडली की प्रत्येक आकडा जागच्या जागी परत मिळतो. एमपी३मध्ये कानाला बहुधा जाणवणार नाहीत असे अंश कायमचे टाकले जातात. गंमत अशी, की एमपी३चीही फ्लॅक करता येते. तीही हानिरहितच, हानी आधीच होऊन गेलेली असते! म्हणून जाणते संग्राहक ध्वनीचा वर्णपट काढून पाहतात. सोळा हजार हर्ट्झच्या आसपास वरचे सारे एका रेषेत छाटलेले दिसले, की संशय घ्यावा. पण ही परीक्षा तबकडीपर्यंत पोहोचत नाही. प्रत १९८२ची की २०१०ची, सुई झिजलेली होती का, वेग नेमका होता का, याविषयी फ्लॅक मुकी असते.

आम्हा वऱ्हाडकरांना हा पेच परका वाटू नये. चांदूर बाजारच्या शेजारीच रिद्धपूर आहे. तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या लीळा, त्या पाहिल्या-ऐकल्या असलेल्यांकडून गोळा केल्या. मूळ पोथी पुढे धामधुमीत गेली आणि महानुभावांनी स्मरणातून पाठ पुन्हा सिद्ध केले. हे वाङ्मय त्यांनी सकळ लिपीत जपले. तीत एका अक्षराच्या जागी ठरलेले दुसरे येते आणि किल्ली ठाऊक असणाऱ्याला मजकूर जसाच्या तसा मिळतो. फ्लॅक तरी वेगळे काय करते? परंतु तो मजकूर कोणाच्या स्मरणातून आला हे लिपी सांगत नाही. ते ‘हिराइसा पाठ’ अशा नावातूनच कळते. १९७८ साली प्रसिद्ध झालेली डॉ. वि. भि. कोलते यांची लीळाचरित्राची आवृत्ती अशा पोथ्यांच्या तुलनेतूनच उभी राहिली.

संग्राहकांच्या फाइलींसोबतही तबकडीचा क्रमांक, सुई आणि यंत्र यांची नोंद असलेले एक लहानसे टिपण येते. हातोहात प्रती होताना आधी गळते ते हेच टिपण.