तुकारामांचे नसलेले गाणे

प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ १९३६ साली पडद्यावर आला. दिग्दर्शन दामले-फत्तेलाल यांचे, संगीत केशवराव भोळे यांचे आणि तुकारामांच्या भूमिकेत विष्णुपंत पागनीस. त्यातले ‘आधी बीज एकले’ हे गाणे मराठी माणसाने इतके आपलेसे केले, की तो तुकोबांचाच अभंग आहे असे अनेक जण धरून चालले. ते गाणे लिहिले होते शांताराम आठवले यांनी. कवीच्या कौशल्याला याहून मोठी पावती मिळणे कठीण. फक्त त्या पावतीवर कवीचे नाव नव्हते.

समजा, आज कोणी देहूवर स्वतः चित्रित केलेला माहितीपट ऑनलाइन विकायला ठेवला आणि पार्श्वसंगीत म्हणून हेच गाणे घेतले. शब्द संताचे, तबकडी जुनी; मग परवानगी कोणाची मागायची, असे त्याला वाटेल. पण एका गाण्यात कायद्याला तीन वेगळ्या वस्तू दिसतात: शब्द, चाल आणि ध्वनिमुद्रण. ध्वनिमुद्रणाचे संरक्षण प्रकाशनानंतर ६० वर्षे असते. १९३६ च्या मुद्रणाचे ते केव्हाच संपले. शब्द आणि चाल यांचे संरक्षण मात्र निर्मात्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकते. आठवले १९७५ साली गेले. म्हणजे २०३५ संपेपर्यंत त्यांचे शब्द मोकळे होत नाहीत.

याच्या उलट उदाहरणही तुकोबांचेच आहे. श्रीनिवास खळे यांनी गाथेतल्या अभंगांना चाली दिल्या आणि लता मंगेशकरांनी ते गायले. इथे शब्द सर्वांचे. पण खळे २०११ साली गेले, त्यामुळे त्यांची चाल २०७१ अखेरपर्यंत संरक्षित आहे. ही ६० वर्षेही मुळातली नव्हेत. १९५७ च्या कायद्यात मुदत ५० वर्षांची होती. रवींद्रनाथांच्या साहित्यावरील हक्क १९९१ अखेर संपू लागला, तेव्हा ती दहा वर्षांनी वाढवली गेली.

चालीला असे संरक्षण सहजासहजी मिळालेले नाही. १९५७ च्या कायद्यातली संगीतकृतीची व्याख्या पाश्चात्त्य वळणाची होती: छापलेली, लिहिलेली किंवा अन्य चिन्हांनी कागदावर उतरवलेली स्वररचना. ज्या देशात गाणे गुरूच्या गळ्यातून शिष्याच्या गळ्यात जाते, तिथे ही अट म्हणजे बहुतेक संगीत दाराबाहेर ठेवण्यासारखे होते. कागदाची ही अट १९९४ च्या दुरुस्तीने काढून टाकली. गायक-वादकांना त्यांच्या सादरीकरणावर हक्क मिळाला तोही त्याच दुरुस्तीने.

त्याआधी १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने एक महत्त्वाचा निकाल दिला होता. एका बाजूला १९६९ साली स्थापन झालेली गीतकार-संगीतकारांची संस्था, इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी. दुसऱ्या बाजूला पूर्व भारतातील चित्रपट व्यावसायिकांची संघटना. निर्मात्याने मोबदला देऊन चित्रपटासाठी गाणे करून घेतले आणि करारात वेगळे काही लिहिले नसेल, तर त्याचा पहिला मालक निर्माताच, असे न्यायालयाने ठरवले. न्या. कृष्ण अय्यर यांनी स्वतंत्र टिपणात गायकाला कायद्यात स्थान नसल्याची खंत नोंदवली आणि संसदेने यात लक्ष घालावे असे सुचवले. पण पुढची पस्तीस वर्षे गाणे लोकप्रिय झाले, तरी त्याच्या पुढच्या कमाईत कवी-संगीतकाराला वाटा मिळेलच अशी खात्री नव्हती.

२०१२ साली चित्र बदलले. राज्यसभेत जावेद अख्तर या प्रश्नावर कलावंतांच्या बाजूने बोलले. दुरुस्तीनंतर चित्रपटगृहातील प्रदर्शन वगळता गाण्याच्या इतर वापरातून मिळणाऱ्या मानधनात गीतकार आणि संगीतकार यांचा समान वाटा ठरला. तो वाटा त्यांना सही करून सोडूनही देता येत नाही. फक्त वारसांना किंवा वसुली करणाऱ्या संस्थेला देता येतो.

आता पुन्हा देहूच्या माहितीपटाकडे येऊ. कायद्याची ‘चित्रपट’ ही व्याख्या इतकी रुंद आहे, की मोबाइलवर टिपलेली दृश्येही तिच्यात बसतात. एखाद्या गीताचा किंवा चालीचा चित्रपटात समावेश करू देणे हा तिच्या हक्कधारकाचा अधिकार. म्हणून संरक्षित गाणे विक्रीच्या व्हिडिओखाली घालायचे, तर शब्द-चालीच्या हक्कधारकाची एक परवानगी लागते आणि मूळ मुद्रणच वापरायचे असेल, तर त्याच्या मालकाची दुसरी. ‘फक्त तीसच सेकंद घेतले’ अशी सूट भारतीय कायद्यात नाही. श्रेय दिल्याने परवानगी मिळत नाही. जुने गाणे नव्याने गाऊन ध्वनिमुद्रित करण्यासाठी कायद्याने आखून दिलेली वाट आहे. पण ती ध्वनिमुद्रणापुरती, दृश्याला जोडण्यासाठी नव्हे. एखाद्या संकेतस्थळाने आपल्या संग्रहातले संगीत वापरू दिले, तरी ती मुभा बहुधा त्याच संकेतस्थळापुरती असते. तोच व्हिडिओ दुसरीकडे विकताना तिच्या अटी पुन्हा वाचाव्या लागतात.

छोट्या निर्मात्याला हे सारे जाचक वाटते आणि ते समजण्यासारखे आहे. हक्क कवीच्या वारसांकडे आहेत की जुन्या करारानुसार एखाद्या कंपनीकडे, हे शोधण्यातच महिने जातात. त्याला एक सरळ मार्ग उरतो. गाथेतला अभंग घ्यावा, गावातल्या भजनी मंडळाकडून परंपरेच्या चालीत गाऊन घ्यावा आणि स्वतः मुद्रित करावा. गाणाऱ्यांची लेखी संमती मात्र घ्यावी, ठरलेले मानधन द्यावे आणि शेवटच्या पाटीवर टाळकऱ्या-पखवाजियासह सगळ्यांची नावे घालावीत.

आणि आठवल्यांचेच गाणे हवे असेल, तर ते आठवल्यांचे आहे हे आधी ठाऊक असायला हवे. परवानगीचे पत्र लिहायला बसणाऱ्याला निदान तेवढे तरी शोधावे लागते.