न दबणारं बटण: 'द सिम्स'च्या अडलेल्या मेनूंचा इतिहास

या भागात राजे नाहीत, लढाया नाहीत. एक बटण आहे, आणि ते दबत नाहीये.

प्रसंग असा. रात्री जेवणं झाली, लॅपटॉप उघडला, 'द सिम्स ४' चालू केला. संगीत वाजतंय, घर दिसतंय, सिम मजेत फिरतोय. तुम्ही वरच्या कोपऱ्यातल्या तीन ठिपक्यांवर क्लिक केलं, कारण सेटिंग्जमध्ये जाऊन काहीतरी बदलायचंय. आणि काहीच होत नाही. पुन्हा क्लिक. काहीच नाही. किंवा मेनू उघडतो, पण आतली बटणं मख्ख.

मग आपण कुणाला तरी विचारतो आणि पहिला सल्ला येतो: "सगळं उडव, गेम पुन्हा टाक." हे ऐकायला सोपं वाटतं. पण हा गेम खेळणाऱ्यांमध्ये 'लेगसी चॅलेंज' नावाचा एक प्रकार आहे. एका माणसापासून सुरुवात करून त्याच्या घराण्याच्या दहा पिढ्या खेळायच्या. लोक त्यात महिने, कधी वर्षं घालवतात. आजोबांचा फोटो भिंतीवर आहे, आजीची कबर अंगणात आहे, आणि सातवी पिढी आत्ता शाळेत जातेय. त्या माणसाला "सगळं उडव" म्हणणं म्हणजे काय, ते तुम्हीच ठरवा.

मी पोटापाण्यासाठी कोड लिहितो, त्यामुळे असा बिघाड दिसला की मला आधी एकच प्रश्न पडतो: हे असं बांधलंच का असेल? त्या प्रश्नाचा माग काढत मागे गेलो की लक्षात येतं, या गेमच्या दुसऱ्या पिढीपासून सेटिंग्जचा मेनू अडत आलेला आहे, आणि प्रत्येक वेळी कारण वेगळं आहे. मात्र एक गोष्ट सारखी आहे. दोष मेनूत क्वचितच असतो. मेनू बिचारा निरोप्या आहे.

सुरुवात करू या १९९१ पासून. ऑक्टोबर महिन्यात कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या टेकड्यांवर भीषण वणवा पेटला. २५ माणसं गेली, हजारो घरं जळाली. त्यातलं एक घर विल राइट यांचं होतं. १९८९ साली 'सिमसिटी' काढून नाव कमावलेला हा गेम डिझायनर. पुढे संसार पुन्हा उभा करताना एकेक वस्तू नव्याने घ्यावी लागली. आपल्याला नक्की कशाची गरज आहे? वस्तू आपल्याला काय देतात? या विचारातून एका गेमची कल्पना वाढली. सुरुवातीला तिला 'डॉलहाउस', म्हणजे बाहुलीघर, असं म्हणत. ही कल्पना राइट यांच्याच 'मॅक्सिस' कंपनीत बरीच वर्षं कुणाच्या फारशी पचनी पडली नव्हती. १९९७ मध्ये 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स'ने मॅक्सिस विकत घेतली आणि फेब्रुवारी २००० मध्ये 'द सिम्स' बाजारात आला. दोनच वर्षांत, मार्च २००२ मध्ये, त्याने 'मिस्ट'ला मागे टाकलं आणि तो तोपर्यंतचा सर्वाधिक खपाचा पीसी गेम ठरला.

आता यातली इंजिनिअरिंगची गंमत ऐका, कारण पुढचं सगळं हिच्यावर उभं आहे. या गेममध्ये माणसं तशी साधी आहेत. हुशारी भरलीय ती वस्तूंमध्ये. फ्रिज आजूबाजूच्या सिम्सना सांगत असतो, "माझ्याकडे या, भूक भागेल." पलंग सांगतो, "या, झोप मिळेल." भाजी मंडईत विक्रेते ओरडतात ना, तसंच. सिम आपापल्या गरजेप्रमाणे एखादी हाक ऐकतो. फ्रिज कसा वापरायचा याची माहितीही फ्रिजच्याच फाइलमध्ये असते. त्याचा फायदा असा की नवी वस्तू आणायची तर गेमचा गाभा उघडावा लागत नाही. वस्तू टाकली की ती स्वतःचे नियम घेऊनच येते.

मॅक्सिसने हे दार लोकांसाठीही उघडं ठेवलं. कपडे, भिंतींचे कागद, चेहरे बनवायची साधनं सुरुवातीपासून खेळणाऱ्यांना दिली. लोकांनी हजारो वस्तू बनवल्या. 'मॉड' हा शब्द आपण आज सहज वापरतो, पण या गेममध्ये बाहेरून सामान आणणं हा चोरटा मार्ग नव्हता, ती घराची रचनाच होती. हे लक्षात ठेवा, शेवटी परत लागेल.

आता दुसरी पिढी. 'द सिम्स २' सप्टेंबर २००४ मध्ये आला. आता सगळं त्रिमितीय, म्हणजे ग्राफिक्स कार्डावर भार. पण बाजारात कार्डं तर शेकडो. मग गेमसोबत साध्या मजकुराच्या फाइली दिल्या. एकीत कार्डांची यादी, दुसरीत नियम: हे कार्ड असेल तर सावल्या चालू ठेवा, ते असेल तर बंद. गेम सुरू होताना तुमचं कार्ड त्या यादीत शोधतो.

२००४ साली हे अगदी शहाणपणाचं होतं. पण आज नव्या लॅपटॉपवर तो गेम टाकलात तर तुमचं कार्ड त्या यादीत असणार कसं? यादी बनली तेव्हा त्याचा जन्मही झाला नव्हता. शिवाय कार्डाची मेमरीही त्याला नीट मोजता येत नाही. गेमच्या लॉग फाइलमध्ये बघितलंत तर कित्येक जीबीच्या कार्डापुढे लिहिलेलं असतं, ३२ एमबी! मग गेम घाबरून वागतो. सेटिंग्ज उघडली की रिझोल्यूशन ८०० बाय ६००, सावल्यांचा पर्याय करडा, क्लिक केलं तरी ढिम्म. रेशन दुकानात जावं आणि यादीत नाव नाही म्हणून परत यावं, तसा प्रकार. तुम्ही समोर धडधाकट उभे आहात, पण कागदावर नाही.

इथे मेनूवर कितीही क्लिक करून उपयोग नाही. उपाय यादीत आहे. खेळणाऱ्यांनी तो स्वतःच शोधला: यादीत आपल्या कार्डाचा क्रमांक घालायचा, मेमरीचा आकडा हाताने लिहायचा. पुढे हेच काम करणारी छोटी साधनंही हौशी लोकांनी बनवली आणि फुकट वाटली.

तिसरी पिढी, जून २००९. 'द सिम्स ३' मध्ये अख्खं गाव एकाच वेळी जिवंत असतं. तुम्ही घरात जेवताय तेव्हा पलीकडच्या गल्लीतला शेजारी खरोखर कामावर निघालेला असतो. कल्पना सुंदर, पण विंडोजवरचा हा गेम ३२ बिटचा. म्हणजे यंत्रात १६ जीबी रॅम असली तरी त्याच्या वाट्याला जास्तीत जास्त ४ जीबी. गाव जुनं होत जातं, माणसं वाढतात, सामान वाढतं, आणि मग मेनू उघडायला वेळ लागतो, बटणं उशिरा दबतात. शेवटी सेव्ह करताना 'एरर १२' येतो, म्हणजे मेमरी संपली. सेटिंग्ज मेनूचा संथपणा हा इथे आजार नव्हता, आजार येतोय याची सूचना होती. अशा वेळी मेनूशी झटापट करण्यापेक्षा आधी लगेच नव्या नावाने सेव्ह करावं, बाहेर पडावं, गेम पुन्हा सुरू करावा. आणि हो, कार्डांच्या यादीचं जुनं दुखणं या पिढीतही वारशाने आलंच.

आता आजचा गेम. 'द सिम्स ४' सप्टेंबर २०१४ मध्ये आला आणि ऑक्टोबर २०२२ पासून मूळ गेम फुकट आहे. त्याची बटणं, खिडक्या, मेनू हे सगळं 'स्केलफॉर्म' नावाच्या तंत्रावर चालतं. सोप्या भाषेत सांगायचं तर मेनू फ्लॅशमध्ये बनवलेले आहेत. हो, तोच फ्लॅश, जो अडोबीने २०२० अखेर बंद केला. पण घाबरू नका. ब्राउझरमधला फ्लॅश गेला म्हणून हा मेनू अडत नाही, कारण गेम स्वतःचा फ्लॅश वाचणारा भाग सोबत घेऊनच फिरतो. आतले नियम मात्र पायथनमध्ये लिहिलेले आहेत.

म्हणजे घराचे दोन भाग झाले. दर्शनी भाग फ्लॅशचा, आतला कारभार पायथनचा, आणि दोघांमध्ये निरोपांची ये-जा. तुम्ही बटण दाबता, दर्शनी भाग आत निरोप पाठवतो, आतून उत्तर येतं, मग खिडकी उघडते.

आता मॉडवाले काय करतात? काही मॉड नुसते कपडे, खुर्च्या आणतात. त्यांच्यामुळे मेनू सहसा अडत नाही. पण काही मॉड दर्शनी भागाची मूळ फाइलच बदलतात, म्हणजे गेमच्या मेनूऐवजी स्वतःचा मेनू बसवतात. आणि कंपनी अधूनमधून अपडेट काढते. अपडेटनंतर आतला कारभार नवीन निरोप पाठवू लागतो, पण दारात उभा आहे जुना माणूस. त्याला नवीन निरोप कळतच नाही. बटण दिसतं, दबल्यासारखं वाटतं, पण निरोप पोचत नाही. आपल्या त्या तीन ठिपक्यांची गोष्ट बहुतेक वेळा ही असते.

आता खरी पंचाईत बघा. अपडेट आलं की गेम स्वतःहून मॉड बंद करतो. आपणच उतावीळपणे सेटिंग्जमध्ये जाऊन ते पुन्हा चालू करतो. मेनू अडतो. आणि मॉड बंद करायचं बटण कुठे आहे? त्याच अडलेल्या मेनूत! किल्ली घरात आणि दार बाहेरून बंद.

मग काय करायचं? "गेम पुन्हा टाक" हा सल्ला इथे का चुकतो ते आता कळेल. मूळ गेम एका जागी असतो आणि तुमचा संसार दुसऱ्या जागी, डॉक्युमेंट्समधल्या 'इलेक्ट्रॉनिक आर्ट्स' फोल्डरच्या आत, 'द सिम्स ४' या नावाने. सेव्ह तिथे, मॉड तिथे, सेटिंग्जची 'ऑप्शन्स' नावाची फाइल तिथे, आणि 'लोकलथम्बकॅश' नावाची साठवण फाइलही तिथेच. गेम काढून पुन्हा टाकलात तरी हा फोल्डर जागचा हलत नाही, म्हणून बिघाडही हलत नाही. आजार म्हशीला आणि इंजेक्शन पखालीला. आणि वैतागून कुणी तो फोल्डरच उडवला, तर बिघाडासोबत दहा पिढ्याही गेल्या.

तेव्हा क्रम असा. गेम पूर्ण बंद करा. आतला 'सेव्ह्ज' फोल्डर पेन ड्राइव्हवर कॉपी करा. हे पहिलं, बाकी सगळं नंतर. मग 'मॉड्स' फोल्डर उचलून डेस्कटॉपवर ठेवा, ती साठवण फाइल उडवा (ती पुन्हा आपोआप तयार होते) आणि गेम चालू करा. मेनू उघडला तर चोर मॉडमध्ये आहे. नाही उघडला तर अख्ख्या 'द सिम्स ४' फोल्डरचं नाव बदला. गेम नवा कोरा फोल्डर बनवतो. आता मेनू चालला तर दोष जुन्या फोल्डरमध्ये, बहुधा बिघडलेल्या 'ऑप्शन्स' फाइलमध्ये. मग नव्या फोल्डरमध्ये आधी फक्त सेव्ह परत आणा. कोऱ्या फोल्डरमध्येही मेनू अडला तर मात्र गेमच्या मूळ फाइली दुरुस्त करायची वेळ आली. त्याआधी एक सोपी तपासणी: क्लिक दुसरीकडेच पडतंय का? विंडोजमध्ये स्क्रीनवरचं सगळं १५० टक्के मोठं करून ठेवलं असेल तर कधी कधी बटण दिसतं एका जागी आणि लागू होतं दुसऱ्या जागी.

आणि चोर मॉडमध्येच असेल, तर शंभर मॉडमधून तो शोधायचा कसा? एकेक करून नाही. निम्मे परत ठेवा. मेनू अडला तर चोर या निम्म्यात, नाहीतर उरलेल्यात. पुन्हा निम्मे. शंभर मॉड असले तरी साधारण सात फेऱ्यांत सापडतो, हजार असले तरी दहा. कॉलेजात ज्याला आम्ही बायनरी सर्च म्हणून परीक्षेपुरतं घोकलं, ते ही मंडळी 'फिफ्टी-फिफ्टी' म्हणून वर्षानुवर्षं वापरताहेत, त्यातल्या कितीतरी जणांनी कोडची एक ओळही लिहिलेली नाही.

मला या इतिहासातलं सगळ्यात मोलाचं वाटतं ते हे. २००४ ची यादी, २००९ ची मेमरी, २०१४ चा मेनू, तिन्ही निर्णय त्या त्या वेळी बरोबर होते. गेम जगला, त्याच्याभोवतीचं जग बदललं, आणि तडा दिसला तो सेटिंग्जच्या मेनूत, कारण गेम आणि बाहेरचं जग तिथेच एकमेकांना भेटतात. तो तडा बुजवायचं बरंचसं काम खेळणाऱ्यांनी केलं, कारण वस्तू बाहेरून आणायचं दार पहिल्याच दिवशी उघडं ठेवलं होतं. त्याच दारातून बिघाडही आला आणि दुरुस्तीही.

विल राइट यांचं घर जळालं, त्यातून वस्तूंचा गेम सुचला. वस्तू परत विकत आणता येतात. मॉडही परत उतरवता येतात, गेमही परत टाकता येतो. सेव्ह नाही. म्हणून पुढच्या वेळी बटण दबलं नाही, तर दहाव्यांदा क्लिक करण्याआधी तो एक फोल्डर बाहेर काढून ठेवा. आधी माणसं बाहेर, मग सामान.

भेटू पुढच्या भागात. तोपर्यंत, बॅकअप घेत राहा.