लोनलीगर्ल१५ : यूट्यूबवरची ‘खरी’ मुलगी कोण होती?

जून २००६ मध्ये यूट्यूबवर ‘लोनलीगर्ल१५’ या नावाने ब्री नावाची १६ वर्षांची मुलगी आपल्या खोलीतून बोलू लागली. साधा वेबकॅम, घरातली कडक शिस्त, एकटेपणा. असंख्य प्रेक्षकांना ती ओळखीची वाटली. अनेक जण तिला आपुलकीने संदेश पाठवू लागले. काहींना मात्र संशय आला आणि त्यांनी माग काढला. सप्टेंबरमध्ये उलगडा झाला. ब्री म्हणजे १९ वर्षांची अभिनेत्री जेसिका रोझ होती. तिचे संवाद आधीच लिहिलेले असत आणि ती खोली होती मालिकेच्या निर्मात्यांपैकी मेश फ्लिंडर्स यांची. फसवणूक झाल्याची भावना अनेकांच्या मनात राहिली, तरीही मालिका २००८ पर्यंत चालली. व्हिडिओ साधा दिसतो म्हणून तो खरा ठरत नाही. साधेपणाही ठरवून उभा करता येतो.